वसईच्या घंटा: तुमच्या गावच्या देवळात आहे का?

गोदाकाठचा
नाशिकला नारोशंकराच्या देवळापाशी गेलात तर नदीकडच्या महाद्वाराखाली उभं राहून मान वर करा. कमानीत एक भली थोरली घंटा टांगलेली दिसेल. आमच्या लहानपणी गोदावरीला पूर आला की आजोबा ओसरीवरून विचारायचे, "दुतोंड्या मारुती बुडाला का?" हो म्हटलं की पुढचा प्रश्न ठरलेला, "मग घंटेला किती राहिलंय?" मोठ्या आवाजाच्या आत्याला घरात सगळे 'नारोशंकराची घंटा' म्हणत. अर्थात तिच्या मागे.

या घंटेवर साल आहे १७२१. देऊळ बांधलं १७४७ मध्ये. म्हणजे देवळापेक्षा घंटाच सव्वीस वर्षांनी थोरली. चिमाजीअप्पांनी १७३९ मध्ये पोर्तुगीजांकडून वसई घेतली तेव्हाची ही चर्चची घंटा, असं नाशिकचा रिक्षावालाही सांगेल.

इथवर ठीक. पण गेली काही वर्षं भटकंती करतोय तर जिथे जावं तिथे 'वसईची घंटा' भेटते. भीमाशंकर, मेणवली, पालीचा बल्लाळेश्वर, पुण्याचा ओंकारेश्वर ही सगळ्यांना ठाऊक असलेली नावं. त्याशिवाय दोन लहान गावांत पुजाऱ्यांनी मला वसईच्या म्हणून घंटा दाखवल्या. त्यातली एक परवाच भांड्यांच्या दुकानातून आणल्यासारखी चकचकीत होती.

तर मंडळी, तुमच्या गावच्या किंवा कुलदैवताच्या देवळात अशी घंटा आहे का? वर साल काय, अक्षरं कुठली, क्रूस आहे का, ती कशी टांगली आहे, एवढं पाहून लिहा. माझा संशय आधीच सांगून टाकतो, निम्म्या घंटांनी वसई पाहिलेलीसुद्धा नाही.

मुक्काम_पोस्ट_विरार
घंटांचं भाग्य थोर. वसईहून निघाल्या त्या थेट नाशिकला पोचल्या. आम्ही सकाळी सातला निघतो आणि दादरला उतरायला मिळत नाही.

ढोलताशा
आमच्या गावी आहे. भीमेकाठी, गावाचं नाव नको. भैरोबाच्या देवळात. शंभर टक्के वसईची. मोहिमेवरून परत जाताना चिमाजीअप्पांचा आमच्याकडे मुक्काम होता, तेव्हा त्यांनी स्वतः वाहिली.

गोदाकाठचा
वा! साल काय आहे वर?

ढोलताशा
साल कशाला बघायचं? अख्ख्या गावाला माहीत आहे. शिवाय वर शेंदराचा बोटभर थर आहे.

उगाच_एक
'अख्ख्या गावाला माहीत आहे' हा या संस्थळावरचा सर्वात बळकट पुरावा. धाग्याला आता शंभरी गाठायला हरकत नाही.

कृष्णाकाठ
मेणवलीची घंटा आमच्या रोजच्या बघण्यातली. नाना फडणवीसांच्या वाड्यामागे घाट उतरलात की मेणवलेश्वराच्या देवळाजवळ एका छोट्या दगडी मंडपात ती टांगली आहे. नाशिकसारखी उंचावर नाही, हात लागेल अशी. वर १७०७ साल आणि बाळ येशूला घेतलेली मेरी. शाळेत असताना आम्ही नदीत डुंबून आलो की ओल्या हातांनी त्या बाईचा चेहरा चाचपायचो. नाक झिजलंय, पण कडेवरचं बाळ अजून कळतं. आता पर्यटक येतात आणि आवाज ऐकायला दगडाने ठोकतात. सांगितलं तर वर आम्हालाच विचारतात, तुमची आहे का?

आता एक शंका, कितीतरी दिवस मनात होती. 'चिमाजीअप्पांनी मेणवलीला घंटा दिली' असं प्रत्येक गाइड सांगतो. पण चिमाजीअप्पा डिसेंबर १७४० मध्ये वारले. नानांचा जन्म १७४२ चा. मेणवली त्यांना मिळाली त्याच्याही पुष्कळ नंतर, वाडा आणि घाट ओघाने त्यानंतरचे. मग अप्पांनी घंटा दिली कोणाला? नदीतल्या माशांना?

गोदाकाठचा
कृष्णाकाठ, दंडवत घ्या. हेच नाशिकलाही लागू पडतं. देऊळ १७४७ चं, म्हणजे अप्पा जाऊन सहा-सात वर्षं झाली होती. देऊळ बांधणारे नारोशंकर राजेबहाद्दर हे पेशव्यांचे सरदार. म्हणजे घंटा आधी कुठेतरी पडून असणार आणि मग ज्याने घाट बांधला, देऊळ बांधलं, त्याच्या वाट्याला आली असणार. 'अप्पांनी वाहिली' हे बहुतेक ठिकाणी मागाहून चिकटलेलं वाक्य दिसतं.

खरा_इतिहास
अप्पांचं श्रेय कमी करायची ही नवी टूम दिसते. वसईच्या वेढ्यात मराठ्यांची हजारो माणसं पडली. सुरुंग लावून सेबॅस्टियन बुरूज उडवला, त्या खिंडारात माणसं घुसली, मेली, पुन्हा घुसली. घंटा कोणी कुठे टांगली याचा कीस पाडण्यापेक्षा ते लिहा.

गोदाकाठचा
श्रेय कोणी काढून घेत नाहीये. घंटेचा प्रवास विचारतोय.

तांबं_कथील
चाळीस वर्षं ओतकामात गेली, म्हणून थोडं लिहितो.

गावोगावी या घंटा 'पंचधातूच्या' म्हणून सांगतात. घंटेचा धातू म्हणजे कांसं. ढोबळमानाने चार भाग तांबं आणि एक भाग कथील. कथील इतकं जास्त असतं म्हणून नाद लांबतो, आणि त्याच कारणाने ती ठिसूळ होते. कृष्णाकाठ, दगडाने ठोकणाऱ्यांना 'तुमची आहे का' याचं उत्तर देत बसू नका, 'तडा गेला तर पुन्हा कधी वाजणार नाही' एवढंच सांगा. तडकलेल्या घंटेला डाग देऊन भागत नाही, वितळवून पुन्हा ओतावी लागते.

ओळखायचं कसं? आधी अक्षरं बघा. उठावाची असतील तर ती साच्यातच उलटी काढलेली, म्हणजे ओततानाची. छिन्नीने कोरलेली असतील तर ती कोणीही केव्हाही कोरू शकतो. पोर्तुगीज घंटेवर पुष्कळदा पायऱ्यांवर उभा केलेला क्रूस असतो, साल असतं, कधी संताचं नाव. मग डोकं बघा. आपल्याकडे घंटेला वर एकच कडी असते, साखळीत अडकवायला. चर्चच्या घंटेला कड्यांचा झुबका असतो, कारण ती जाड लाकडी तुळईला आवळून बांधायची असते. आणि घेर बघताना मापाची दोरी न्या, डोळ्यांना घंटा नेहमी मोठी वाटते.

आणखी एक गोष्ट, जी देवळात कोणी सांगत नाही. तोफेचा धातूही तांबं आणि कथीलच, फक्त कथील कमी, दहाला एक वगैरे. भट्टीत तांबं वाढवलं की घंटेची तोफ होते. युरोपात तर गाव जिंकलं की तिथल्या घंटांवर तोफखान्याच्या सरदाराचा हक्क धरत. तेव्हा मिळालेल्या घंटांतल्या किती भट्टीत गेल्या असतील कोण जाणे. ज्या देवळात टांगल्या गेल्या त्याच आज आपल्याला दिसतात.

हळदीकुंकू
+१. असे प्रतिसाद येतात म्हणून इथे यावंसं वाटतं. वाचनखूण साठवली.

रेवदंडेकर
सगळ्या घंटा 'वसईच्या' म्हणणंही तसं चूकच. मोहीम वसईपुरती नव्हतीच. मार्च १७३७ मध्ये ठाणं आणि साष्टी (आजची मुंबईची उपनगरं) घेतली. १७३९ च्या सुरुवातीला माहीम-केळवे, तारापूर, अशेरी पडली. वसई सर्वात शेवटी. या सगळ्या मुलखाला आपले लोक फिरंगाण म्हणत, आणि त्यात चर्चं, मठ ढीगभर होते. उद्या कोणी 'पुण्याचा आंबा' म्हणाला तर तो पुण्यात पिकला असं धरायचं नसतं, तसं आहे हे.

आमच्याकडचं चौल-रेवदंडा आणि समोरचं कोर्लई १७४० मध्ये मराठ्यांकडे आलं. पोर्तुगीज गेले, पण कोर्लईच्या किल्ल्याखालच्या वाडीत त्यांची भाषा राहिली. आजही तिथली हजारेक माणसं घरात पोर्तुगीजपासून तयार झालेली बोली बोलतात. त्या बोलीला ते 'नौ लिंग' म्हणतात, म्हणजे आपली भाषा. पोर्तुगालशी संबंध तुटून पावणेतीनशे वर्षं झाली. बाजारात मासळी विकताना अस्सल अलिबागी मराठी, आणि पोराला हाक मारताना नौ लिंग.

मुक्काम_पोस्ट_विरार
आमच्याकडे पोरं आईला इंग्रजीत उत्तर देतात. तीही नौ लिंगच म्हणायची.

सुकेळी
बरेच दिवस नुसती वाचते आहे, आज लिहायलाच हवं. मी वसईची. ख्रिस्ती, सामवेदी. घरी आम्ही कादोडी बोलतो आणि आमची मिस्सा, म्हणजे चर्चमधली उपासना, मराठीत होते. (दरवेळी कोणीतरी 'तुमचं मराठी फारच छान आहे हो' म्हणतं, म्हणून आधीच सांगितलं.)

शाळेत वसईच्या विजयाचा धडा आला की अर्धा वर्ग मागे वळून माझ्याकडे आणि शेजारच्या डाबरेकडे बघायचा. जणू तो किल्ला आमच्या पप्पांनी सोडला होता. पोर्तुगीज गेले ते जहाजात बसून. तह झाला १६ मेला, आठवड्याभरात गलबतं भरली आणि निघाले. आमच्या माणसांकडे जायला जहाजं नव्हती, आणि जायचं तरी कुठे? ज्या वाडीत रहाट होता, पानवेली होत्या, केळी होती, तिथेच राहिली. आधी त्यांना फिरंगी सरकारने राबवलं, मग दुसऱ्या सरकारने सारा घेतला, त्यानंतर तिसऱ्याने. आजोबांच्या बागेत राजेळी केळी होती. ती सोलून उन्हात वाळवून त्यांची सुकेळी करायची. माझं इथलं नाव तिथून आलंय.

आता घंटेचं. सहा-सात वर्षांपूर्वी आईला घेऊन महाबळेश्वरला जाताना वाटेत मेणवलीला थांबलो होतो. आईला घंटेचं काही माहीत नव्हतं, ती आपली घाट बघायला उतरली. मंडपापाशी आली आणि थबकली. चपला काढल्या. घंटेवर पक्ष्यांनी घाण केली होती, ती तिने बाटलीतलं पाणी ओतून पदराने पुसली, तेही लगेच नाही, आधी इकडेतिकडे बघितलं कोणी रागावेल का म्हणून. मग मेरीच्या पायाला हात लावून क्रूसाची खूण केली. आणि वळून मला विचारते, "हिला इथं तेल कोण घालतं?"

मी म्हटलं, आई, घंटेला तेल घालत नाहीत. तर म्हणे, "शंकराच्या दारात राह्यलीय ना? मग कोणीतरी घालत असणारच."

परत मागायची वगैरे गोष्ट तिच्या मनात आली नाही. माझ्या मात्र आली, खोटं कशाला बोलू. गाडीत बसल्यावर आली आणि वाई सुटेपर्यंत टिकली.

हळदीकुंकू
सुकेळीताई, अंगावर काटा आला.

वज्रमुठी
भावना समजू शकतो. पण परत मागायचंच असेल तर हिशेब दोन्ही बाजूंनी होऊ द्या. साष्टी आणि वसईत पोर्तुगीजांनी देवळं पाडली, त्या जागी चर्चं बांधली. गोव्यात १५६० मध्ये इन्क्विझिशन (चर्चचं धर्मन्यायालय) आलं त्याची झळ इथवर पोचत होती. वज्रेश्वरीचं मूळ देऊळ त्यांनीच मोडलं. मोहिमेच्या वेळी अप्पांनी देवीला नवस केला आणि फत्ते झाल्यावर सुभेदार शंकर केशव फडके यांनी आजचं देऊळ बांधलं. त्याचा किल्ल्यासारखा तट बघा, मग कळेल. फिरंग्यांवर मोहीम काढा म्हणून अंजूरच्या गंगाजी नाईकांनी पेशव्यांकडे खेटे घातले ते हौस म्हणून नाही.

खरा_इतिहास
बरोबर. घंटा ही विजयाची निशाणी आहे. ज्यांना टोचते त्यांनी

संपादक
वरच्या प्रतिसादातला उरलेला भाग काढला आहे. घंटांबद्दल बोला, एकमेकांबद्दल नको.

सुकेळी
वज्रमुठी, देवळं पाडली हे खरंच आहे आणि त्याबद्दल आमच्या घरात कोणी वकिली करत नाही. पाडली तेव्हा ती आमच्याच पूर्वजांची देवळं होती, हे मात्र दोन्हीकडचे विसरतात. निर्मळच्या जत्रेत कार्तिकात या, शंकराचार्यांच्या समाधीपाशी. खाजं आणि सुकेळी घ्यायला रांगेत कोण कोण उभं असतं ते बघा. आणि ईस्ट इंडियन म्हणजे आम्हीच का, असं कोणी विचारायच्या आत सांगते. ते नाव १८८७ मध्ये मुंबई-साष्टीकडच्या लोकांनी घेतलं, व्हिक्टोरिया राणीच्या ज्युबिलीच्या वर्षी. गोव्याहून येणाऱ्या ख्रिस्ती लोकांपेक्षा आपण वेगळे, इथलेच, हे सरकारला कळावं म्हणून. इथलेच आहोत हे सांगायला 'ईस्ट इंडियन' असं इंग्रजी नाव घ्यावं लागलं, यातली गंमत तुम्हीच बघा.

वज्रमुठी
'आमच्याच पूर्वजांची देवळं' हे मी या बाजूने पाहिलं नव्हतं. मुद्दा मान्य. बाकीच्यावर मतभेद राहू द्या.

उगाच_एक
मराठी संस्थळावर 'मुद्दा मान्य'! स्क्रीनशॉट काढून ठेवला आहे.

मांडवी_तीर
गोंयचो हांव, म्हणून बोलू देत. आमच्या सगळ्यात प्रसिद्ध चर्चचा, म्हणजे जुन्या गोव्यातल्या बॉम जेझुसचा दर्शनी काळा दगड वसईकडून आणलेला. आमचा जांभा, त्यात बारीक कोरीव काम टिकत नाही. तेव्हा वसईची घंटा नाशिकला आणि वसईचा दगड गोव्यात. वसईत काय उरलं मग?

मुक्काम_पोस्ट_विरार
बिल्डर.

सुकेळी
आणि सेंट गोन्सालो गार्सिया. वसईत जन्मले, आई इथलीच. १५९७ मध्ये जपानात नागासाकीला क्रूसावर गेले, १८६२ मध्ये संतपद मिळालं. किल्ल्यात त्यांच्या नावाचं चर्च अजून उभं आहे, सणाला तिथे मिस्सा होते. बाकी किल्ल्यात प्री-वेडिंगवाले असतात. सेंट अँथनीच्या चर्चमध्ये जमिनीत कबरींच्या शिळा आहेत, त्यावर नावं, कुळचिन्हं कोरलेली. त्यांच्यावर घागरा पसरून फोटो काढतात. खाली कोणीतरी झोपलंय हे कोणी सांगत नाही त्यांना.

गिरगावकर_काका
मुंबईकडून बघितलं तर वसईची गोष्ट वेगळीच दिसते. वसई ही फिरंग्यांच्या उत्तरेकडच्या मुलखाची राजधानी, १५३४ मध्ये गुजरातच्या बहादूरशहाकडून मिळालेली. मुंबई तिच्यासमोर किस झाड की पत्ती. लग्नाच्या करारात १६६१ मध्ये इंग्लंडच्या राजाला दिली आणि राजाने १६६८ मध्ये वर्षाला दहा पौंड भाड्याने कंपनीच्या गळ्यात मारली. (आज त्या पैशात बोरिवलीला रिक्षाही परत पाठवतील.)

वेढा पडला तेव्हा वसईवाल्यांनी मुंबईच्या इंग्रजांकडे पैशासाठी हात पसरला. इंग्रज शेजारी, ख्रिस्ती, पण बनिया तो बनिया. चर्चमधली चांदी आणि पितळी तोफा गहाण ठेवून घेतल्या, मग कर्ज दिलं. वसई पडल्यावर दोन महिन्यांच्या आत त्यांचा कॅप्टन इंचबर्ड पेशव्यांशी तह करून व्यापाराची सोय लावून मोकळा. त्याच सुमारास मुंबईतल्या व्यापाऱ्यांनी तीस हजार रुपये वर्गणी काढली, कोटाभोवती खंदक खणायला. मराठे माहीमच्या खाडीपलीकडे येऊन उभे होते ना!

वसई गेली आणि मुंबई मोठी झाली. तिथले कारागीर, व्यापारी इकडे सरकले. वसईला मराठ्यांनी बाजीपूर नाव दिलं, ते काही रुळलं नाही. आणि पुढे १८०२ च्या ३१ डिसेंबरला, सगळं जग नव्या वर्षाची तयारी करत असताना, दुसऱ्या बाजीरावाने त्याच वसईत तह करून इंग्रजांपुढे मान तुकवली. काकाने जिंकलेल्या गावात पुतण्याच्या मुलाने... असो, नातं मोजायला वंशावळ काढावी लागेल.

तारीखवाला
काका, सोपं आहे. दुसरा बाजीराव हा राघोबाचा मुलगा, राघोबा थोरल्या बाजीरावांचा. म्हणजे चिमाजीअप्पा त्याचे चुलत आजोबा.

आणि सुकेळीताईंनी १६ मे लिहिलंय ते बरोबर, पण मुंबईकर इंग्रजांच्या कागदांवर तोच दिवस ५ मे पडतो. इंग्रजांनी १७५२ पर्यंत जुनं कॅलेंडर सोडलं नव्हतं, अकरा दिवसांचा फरक. यावरून मागच्या धाग्यावर दोन सभासद भांडून संस्थळ सोडून गेले होते. दोघंही बरोबर होते.

हळदीकुंकू
अवांतर: पोर्तुगीज गेले पण आपल्या घरात किती शिरून बसलेत बघा. पगार, पाव, बटाटा, कोबी, चावी, बिजागरी, बालदी, लिलाव, नाताळ, साबण.

तांबं_कथील
घमेलं राहिलं! आमच्या कारखान्यात दिवसाला दोनशे वेळा उच्चार व्हायचा, पोर्तुगीज शब्द आहे हे निवृत्तीनंतर कळलं.

तारीखवाला
साबण वादग्रस्त. अरबीत साबून आहे, तो मुसलमानी राजवटीबरोबर आधीच आला असणार. पोर्तुगीजांना फुकटचं श्रेय नको.

हळदीकुंकू
बरं बाई, साबण अरबांचा. हापूस तरी राहू देता का? आफोन्सोवरून आलेला.

मुक्काम_पोस्ट_विरार
पगार हा शब्द त्यांचाच, आणि महिनाअखेरीपर्यंत न पुरण्याची पद्धतही त्यांचीच असणार.

उगाच_एक
साबणावरून आठवलं, ढोलताशांनी शेंदूर धुतला का?

ढोलताशा
आलो, आलो. यात्रेला गावी गेलो होतो. सविस्तर लिहितो, हसू नका.

तांबं_कथील काकांचा प्रतिसाद वाचल्यापासून चैन पडत नव्हतं. गुरवाला विचारलं, घंटा साफ केली तर चालेल का? म्हणाला, यात्रेच्या आधी करायचीच असते, बरं झालं तूच कर. खोबरेल चोळून रात्रभर ठेवली, सकाळी चिंच आणि नारळाच्या शेंड्या घेऊन बसलो. शेंदराच्या आत तेलाचा काळा थर, त्याच्या आत परत शेंदूर. दोन तास गेले. आधी एक आठ दिसला. मी खूश, म्हटलं सतराशे आठ असणार. मग त्याच्या बाजूला सहा. मग परत आठ.

१८६८.

खाली इंग्रजी अक्षरांची एक ओळ आहे, पण कोणीतरी कानशीने घासून काढलेली. दोन-तीन अक्षरं लागतात, शब्द लागत नाही. क्रूस नाही, मेरी नाही. डोक्यावर एकच कडी. घेर मोजला, दोरीने, तर माझ्या आठवणीतल्या निम्मा भरला. चिमाजीअप्पांना जाऊन तेव्हा सव्वाशे वर्षं झाली होती.

गुरव म्हणाला, "कोणाला सांगू नको." मग घरी येऊन चुलत आजोबांना विचारलं, वय ब्याण्णव. ते म्हणाले, त्यात काय, माझे आजोबा मुंबईला गोदीत होते, त्यांनीच आणली. बोटीची घंटा. एसटी नव्हती तेव्हा, रेल्वेने दौंडपर्यंत आणि तिथून बैलगाडीने. मी म्हटलं, मग आम्हाला वसईची का सांगितलीत? तर म्हणे, "मी कधी सांगितली? तुमच्या मास्तरांनी सांगितली. आम्ही म्हटलं, बरी वाटतेय, राहू दे."

गिरगावकर_काका
जुन्या बोटीचं सामान मुंबईत काय लागेल ते मिळायचं. जहाज मोडलं की घंटा, दिवे, दुर्बिणी सगळं बाजारात. दारूखान्याकडे जहाजं मोडायचा धंदा पुढेही चालू राहिला. नाव घासून विकणं ही रीतच, मग ते चोरीचं असो वा नसो.

गोदाकाठचा
ढोलताशा, तुम्हाला मनापासून सलाम. स्वतःच्या गावची घंटा स्वतःच उघडी पाडायला जिगर लागते. माझा संशय खरा ठरला याचा आनंद व्हायला हवा होता, पण गोदीतल्या आजोबांनी बैलगाडीत घालून आणलेली घंटा मला आता वसईच्या घंटेइतकीच बघावीशी वाटतेय.

खरा_इतिहास
एका घंटेवरून सगळ्या खोट्या ठरत नाहीत.

गोदाकाठचा
नाहीच ठरत. १७२१ आणि १७०७ जागच्या जागी आहेत. पालीची आणि भीमाशंकरची घंटा जवळून पाहून कोणी लिहिलं तर यादीत घेतो. साल वाचल्याशिवाय नाही.

कृष्णाकाठ
सुकेळीताई, काल संध्याकाळी घाटावर गेलो होतो. तुमच्या आईंच्या प्रश्नाचं उत्तर शोधायला. घंटेला तेल कोणी घालत नाही. पण मेरीच्या पायाशी एक सदाफुलीचं फूल होतं, सुकलेलं. शेजारच्या आजीबाईंना विचारलं तर म्हणाल्या, "देवळात वाहिलेलं उरतं ते ठेवते एखादं. बाई आहे ना ती, पोर घेतलेली."

सुकेळी
आईला वाचून दाखवलं. तिने परत वाचायला लावलं. पुढच्या महिन्यात या म्हणते, सुकेळी घेऊन ठेवते म्हणते. पत्ता व्यनि (व्यक्तिगत निरोप) करते.

मुक्काम_पोस्ट_विरार
ढोलताशा, घंटा वाजते कशी ते तरी ऐकवा. एवढी चिंच खर्ची पडली.

ढोलताशा
रेकॉर्डिंग चढवलंय. आवाज चांगला लांब जातो, बोटीची असल्यामुळे असेल. मागे भुंकतंय ते आमचंच कुत्रं. आणि गुरवाने दुसऱ्याच दिवशी परत शेंदूर थापलाय.